रणजीचा खेळाडू शाळेत शिकवायला येतो तेव्हा

आधी दोन आकडे. सप्टेंबर २०२१ मध्ये बीसीसीआयने स्थानिक क्रिकेटची मॅच फी वाढवली. २० पर्यंत सामने खेळलेल्या रणजीपटूला दिवसाला ४० हजार, २१ ते ४० सामनेवाल्याला ५० हजार, त्यापुढच्याला ६० हजार आणि राखीव खेळाडूला त्याच्या निम्मे. नवख्या पोराने चार दिवसांचा एक सामना खेळला तरी १ लाख ६० हजार होतात. गटातले सातही सामने मिळाले तर ११ लाख २० हजार.

दुसरा आकडा माध्यमिक शाळेतल्या शिक्षणसेवकाच्या मानधनाचा. जानेवारी २०२३ पासून ते महिन्याला १८ हजार आहे, आणि पहिली तीन वर्षं तेवढंच. म्हणजे मैदानावरच्या एका दिवसाचे पैसे शाळेतल्या दोन महिन्यांच्या मानधनापेक्षा जास्त.

तरीही सांगली-साताऱ्याकडची पोरं क्रिकेट थांबलं की शाळेकडे वळतात, कारण पहिल्या आकड्याखाली जमीन नाही. पुढच्या मोसमात संघाच्या यादीत नाव आलं नाही की ११ लाखांचे थेट शून्य रुपये होतात. आयपीएलचा करार किंवा रेल्वे-बँकेची नोकरी हाती असलेला खेळाडू वेगळा. पण जिल्ह्यातून राज्याच्या संघापर्यंत पोचलेले बरेच जण पाच-दहा सामने खेळतात आणि सव्विसाव्या-सत्ताविसाव्या वर्षी यादीबाहेर होतात. त्या वयात हातात फक्त बारावीची गुणपत्रिका असेल, तर शाळेचं दार उघडायलाच पाच वर्षं जातात. तीन वर्षं पदवीची आणि दोन बी.पी.एड.ची, म्हणजे शारीरिक शिक्षणाच्या पदवीची. आमचं म्हणणं सरळ आहे: ही पाच वर्षं खेळत असतानाच वापरली पाहिजेत.

ज्यांची उदाहरणं क्रिकेटवाले अभिमानाने देतात, त्यांचा क्रम पाहा. प्रा. दि. ब. देवधर पुण्यात संस्कृत शिकवायचे. १९२६ साली इंग्लंडहून आलेल्या गिलिगनच्या एमसीसी संघाविरुद्ध त्यांनी १४८ धावा केल्या, तेव्हा ते चौतिशीत होते. १९३९-४० आणि १९४०-४१ अशी सलग दोन वर्षं त्यांच्या नेतृत्वाखाली महाराष्ट्राने रणजी करंडक जिंकला, आणि वयाच्या बावन्नाव्या वर्षी एकाच रणजी सामन्यात त्यांनी दोन शतकं ठोकली. आपल्याकडे ‘प्रोफेसर’ हा शब्द क्रिकेटच्या गप्पांत रुळला तो त्यांच्यामुळे. त्यांचं खेळणं आणि शिकवणं शेजारी शेजारी चाललं.

इंग्लंडचा वेगवान गोलंदाज फ्रँक टायसन घ्या. १९५४-५५ च्या ऑस्ट्रेलिया दौऱ्यात त्याने पाच कसोटींत २८ बळी घेतले. मेलबर्नच्या दुसऱ्या डावात तर २७ धावांत ७. शरीर साथ देईना म्हणून १७ कसोटींवरच त्याची कारकीर्द थांबली. १९६० मध्ये निवृत्त होऊन तो ऑस्ट्रेलियाला गेला आणि मेलबर्नच्या केरी बॅप्टिस्ट ग्रामर स्कूलमध्ये शिक्षक झाला. ते जमलं, कारण डरहॅम विद्यापीठाची इंग्रजी साहित्याची पदवी त्याच्याकडे आधीपासून होती. इंग्लंडच्याच ख्रिस टॅव्हरेने ३१ कसोटी खेळल्या आणि काउंटी क्रिकेट संपल्यावर तो ज्या सेव्हनोक्स शाळेत शिकला होता तिथेच जीवशास्त्र शिकवायला गेला. त्याच्याकडे ऑक्सफर्डची प्राणिशास्त्राची पदवी होती. तिघांच्याही बाबतीत कागद आधी तयार होता. क्रिकेटने त्यांना शाळेत मान मिळवून दिला असेल, पण नोकरीची दारं पदवीने उघडली.

आता आपल्याकडचा रस्ता. शिवाजी विद्यापीठाच्या कॉलेजात पदवी करायची तर अडचण येते ती परीक्षांची. हिवाळी सत्राची परीक्षा आणि रणजी किंवा २३ वर्षांखालचा मोसम एकमेकांवर येतात. दोन सत्रं बुडाली की पोरगं कॉलेज सोडून देतं. असं होणार हे दिसत असेल तर आधीच यशवंतराव चव्हाण मुक्त विद्यापीठात नाव घाला. पदवी रखडण्यापेक्षा मुक्त विद्यापीठाची पदवी हातात असणं केव्हाही चांगलं. टक्केवारीकडे मात्र लक्ष हवं. ‘पास झालो, बास’ म्हणणारा पुढे अडकतो. एनसीटीईच्या, म्हणजे राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेच्या, २०१४ च्या नियमावलीप्रमाणे बी.पी.एड.ला कुठल्याही शाखेच्या पदवीला ५० टक्के लागतात, सोबत शालेय, जिल्हा किंवा आंतरमहाविद्यालयीन मान्यताप्राप्त स्पर्धेतला सहभाग. राज्य, राष्ट्रीय किंवा आंतरविद्यापीठ पातळीवर खेळलेल्याला ४५ टक्के चालतात. ४३ टक्क्यांवाल्या पदवीधराची इथेच पंचाईत होते. पुन्हा बसून गुण वाढवण्यात अख्खं वर्ष जातं.

बी.पी.एड. दोन वर्षांचा आहे. महाराष्ट्रात त्याची सीईटी असते आणि लेखी परीक्षेबरोबर मैदानी चाचणीही असते. क्रिकेटपटू मैदानी चाचणीला हलक्यात घेतात. चार दिवस क्षेत्ररक्षण करू शकणारा माणूस धावणं, उडी, फेक या प्रकारांत आपोआप चांगला असतो असं नाही. किमान सहा आठवडे त्याचा वेगळा सराव करावा. ज्याचं मराठी, गणित, विज्ञान चांगलं आहे त्याने बी.एड.चाही विचार करावा, कारण विषयशिक्षकाच्या जागा क्रीडाशिक्षकांपेक्षा जास्त निघतात. पण बी.एड.ला तासांची हजेरी ८० टक्के आणि शाळेतल्या अंतर्वासितेची ९० टक्के लागते. तेव्हा बी.पी.एड. असो की बी.एड., खेळण्याचं शेवटचं वर्ष आणि प्रशिक्षणाचं पहिलं वर्ष एकत्र धरू नका. दोन्ही हातचे जातात.

इथे एक गैरसमज दर वर्षी भेटतो. बीसीसीआयचा प्रशिक्षकांचा लेव्हल वन कोर्स झाला किंवा पतियाळाच्या एनआयएस या क्रीडासंस्थेचा सहा आठवड्यांचा सर्टिफिकेट कोर्स झाला की आपण शाळेत लागू शकतो, असं पोरांना वाटतं. प्रशिक्षक म्हणून लागता येतं, तेही महिन्याच्या बोलीवर. शिक्षक म्हणून हजेरीपटावर नाव लागण्यासाठी ही पात्रता धरत नाहीत. पुढची पायरी आहे शिक्षक अभियोग्यता चाचणी, म्हणजे टीएआयटी. शिक्षक पात्रता परीक्षा, म्हणजे टीईटी, ती वेगळी. २०० प्रश्न, १२० मिनिटं. एका प्रश्नाला ३६ सेकंद. प्रश्न अवघड नसतात, वेग लागतो. रोज घड्याळ लावून ५० प्रश्न सोडवायची सवय आठ-दहा आठवडे ठेवली तरच तो वेग येतो. त्या गुणांवर ‘पवित्र’ या शिक्षक भरतीच्या सरकारी पोर्टलवर प्राधान्यक्रम भरायचा. खासगी संस्थांच्या बऱ्याच जागा मुलाखतीसह असतात, आणि तिथे मुलाखतीत पाठ घ्यायला सांगतात. ‘मी अमुक संघाविरुद्ध शतक मारलं’ हे सांगून पाठ होत नाही. फळ्यावर मैदान काढून दहा मिनिटांत क्षेत्ररक्षणाच्या जागा शिकवता आल्या पाहिजेत.

कागदपत्रांचा प्रश्न तर जिवाला घोर लावणारा. धावफलकावर नाव इंग्रजी आद्याक्षरांनी, असोसिएशनच्या पत्रावर घरचं लाडाचं नाव आणि दहावीच्या प्रमाणपत्रावर तिसरंच. पडताळणीत हे तीन लोक वेगळे ठरतात. म्हणून प्रत्येक मोसम संपला की महिन्याभरात असोसिएशनकडून पत्र घ्या. त्यात दहावीच्या दाखल्याप्रमाणे पूर्ण नाव, मोसम, स्पर्धेचं अधिकृत नाव, वयोगट, सामन्यांची तारीख, आणि प्रत्यक्ष खेळला की राखीव होता हे स्पष्ट हवं. जावक क्रमांक आणि शिक्का तपासा. दहा वर्षांनी जुना मोसम शोधायला कोणाकडे वेळ नसतो, पदाधिकारीही बदललेले असतात. शालेय स्पर्धांची मूळ प्रमाणपत्रं लॅमिनेट करू नका. कागदावरचा शिक्का नीट दिसत नाही म्हणून पडताळणीत शंका काढतात, आणि लॅमिनेशन काढताना शाई उचलली जाते.

जागा कुठे असतात? अनुदानित शाळांत क्रीडाशिक्षकाचं पद एक असतं, आणि ते रिकामं व्हायची वाट पाहावी लागते. निवासी शाळा जास्त जवळच्या वाटतात, कारण तिथे संध्याकाळचा मैदानाचा वेळ पक्का असतो. साताऱ्याला ही परंपरा जुनी आहे. देशातली पहिली सैनिक स्कूल २३ जून १९६१ रोजी तिथेच सुरू झाली. इंग्रजी माध्यमाच्या खासगी शाळा माजी रणजीपटूला लगेच घेतात, पण करार ११ महिन्यांचा असतो आणि बहुतेक वेळा मे महिन्याचा पगार नसतो. करार वाचून सही करा. सकाळची सराव सत्रं, रविवारचे सामने आणि संघाबरोबरचा प्रवास हे कामाच्या तासांत धरलेत का, हे लेखी विचारा.

आता शाळेत पाऊल ठेवल्यानंतरचं. खेळाडू म्हणून जे जे उपयोगी पडलं, त्यातलं निम्मं इथे आड येतं. सगळ्यात मोठी अडचण नेटची.

व्यावसायिक खेळाडूला सराव म्हणजे नेट हेच ठाऊक असतं. तो शाळेत येतो आणि नेट लावतो. आठवीच्या वर्गात ६० पोरं, तास ३५ मिनिटांचा. मैदानावर जाणं, हजेरी, परत येणं यात १० मिनिटं गेली की उरतात २५. एका नेटमध्ये एकेक करून बॅटिंग दिली तर प्रत्येकाच्या वाट्याला २५ सेकंद येतात. म्हणजे तीन चेंडू. उरलेला वेळ ५५ पोरं उभी असतात. त्यातली दहा मारामारी करतात, वीस सावलीत बसतात, आणि सर चांगल्या पाच जणांना चेंडू टाकत राहतात. महिन्याभरात वर्ग हाताबाहेर जातो आणि सरांना वाटतं पोरांना गोडी नाही.

तोच तास असा बांधता येतो. ५ मिनिटं मैदानावर जाणं आणि मोजणी. ४ मिनिटं अंग मोकळं करणं, तेही रांगेत गोल धावून नव्हे, चेंडू हातात घेऊन. मग १५-१५ चे चार गट आणि फक्कीने आखलेले चार कोपरे. प्रत्येक कोपऱ्यात ५ मिनिटं, बदलायला एकेक मिनिट. तीन बदल मिळून हे २३ मिनिटांचं होतं. शेवटची ३ मिनिटं सामान गोळा करून परत.

पहिल्या कोपऱ्यात तिघातिघांचे पाच गट. एक बॅटवर, एक गुडघ्यावर बसून खालून चेंडू देणारा, एक अडवणारा. सहा चेंडू झाले की बदल. तिघांचे १८ चेंडू पाच मिनिटांत आरामात होतात. दुसऱ्या कोपऱ्यात जोड्या पाडून झेल. आधी पाच पावलांवरून, मग दहा. तिसऱ्यात तीन सुटे स्टंप, प्रत्येकासमोर पाच जणांची रांग, तीन पावलांचा रनअप. एकेकाचे सात-आठ चेंडू होतात. चौथ्यात धाव घेणं आणि स्टंपवर फेक. सामान लागतं ते एवढंच: पाच बॅटी, दोन डझन टेनिस बॉल, सहा सुटे स्टंप आणि फक्कीची पिशवी. बॉलवर शाळेचं नाव मार्करने घाला आणि मोजून द्या, मोजून घ्या. एका तासाला दोन बॉल हरवले तर दिवाळीपर्यंत पेटी रिकामी.

हे चारही कोपरे एकाच वेळी दिसतील अशा जागी सरांनी उभं राहायचं, मध्ये नव्हे तर बाहेरच्या कडेला. मध्ये उभा राहिलेल्या माणसाच्या पाठीमागे कायम दोन गट असतात. ही गोष्ट कॅप्टन राहिलेल्या खेळाडूलाही सांगावी लागते, कारण त्याला मैदान मध्यभागातून बघायची सवय असते.

बोलण्याचंही तेच. ‘बॅट फेस ओपन होतोय’ हे सहावीच्या मुलाला कळत नाही. ‘बॅटच्या तोंडावर आरसा लावलाय समज, तो बॉल टाकणाऱ्याला दिसू दे’ हे कळतं. एका वेळी एकच सूचना द्यायची. पकड, पाय, डोकं, कोपर असं एका दमात सांगितलं की पोरगं चेंडूकडे बघायचंच विसरतं.

बॅटीचं माप हा दुर्लक्षित विषय आहे. ‘दोन वर्षं चालेल’ म्हणून पालक मोठी बॅट घेतात. साडेचार फुटांच्या मुलाच्या हातात सहा नंबरची बॅट दिली की वरच्या हाताला ती उचलत नाही, खालचा हात जोर लावतो, आणि प्रत्येक फटका आडवा होतो. मग सर वर्षभर आडवी बॅट सुधारत बसतात. साधारण हिशोब असा: उंची साडेचार फुटांपासून पावणेपाचपर्यंत चार नंबर, चार फूट अकरा इंचापर्यंत पाच, पाच फूट दोन इंचापर्यंत सहा, त्यापुढे साडेपाच फुटांपर्यंत हॅरो. शंका आली तर लहान माप घ्यावं. एका हाताने, वरच्या हाताने, बॅट खांद्यापर्यंत दहा वेळा उचलता आली पाहिजे.

चेंडूचंही माप असतं. मोठ्यांचा लेदर बॉल १५६ ते १६३ ग्रॅम, १३ वर्षांखालचा १३३ ते १४४ ग्रॅम. दुकानदार न विचारता मोठा देतो. खेळपट्टी पूर्ण २२ यार्ड, म्हणजे २०.१२ मीटर, ही दहा-अकरा वर्षांच्या पोरांसाठी फार लांब आहे. बॉल पोचवण्यासाठी ती वर उडवून टाकतात आणि लेंग्थ कधीच शिकत नाहीत. १८ यार्डांवर स्टंप रोवा. तिथे बॉल एक टप्पा घेऊन बॅटपर्यंत येतो आणि बॅट्समनला पुढे यायला कारण मिळतं. लेदर बॉल हातात आला की हेल्मेटशिवाय कोणी बॅट करणार नाही, ही अट पहिल्या दिवसापासून हवी. शाळेकडे दोनच हेल्मेट असतील तर दोघंच खेळतील.

वेगवान गोलंदाजांच्या बाबतीत आम्ही जरा जास्तच काटेकोर आहोत आणि राहू. बारा ते सोळा या वयात हाडं वाढत असतात. कमरेच्या मणक्याच्या मागच्या बाजूला जो हाडाचा पातळ पूल असतो त्याला वारंवार ताण बसला की बारीक चीर जाते. सुरुवातीला पोरगं फक्त ‘कंबर धरलीय’ म्हणतं, तेही एका बाजूला, आणि मागे वाकल्यावर जास्त. मालिश करून तो खेळत राहतो आणि सहा महिने घरी बसतो. कारणं दोन. एक, मिश्र ॲक्शन: कंबर बाजूला, खांदे समोर, आणि मध्ये पीळ. दोन, षटकांची बेरीज कोणी न ठेवणं. इंग्लंडच्या बोर्डाने वर्षानुवर्षं वापरलेला हिशोब सोपा आहे. १३ वर्षांपर्यंत एका स्पेलमध्ये, म्हणजे एका दमात, ५ षटकं आणि दिवसात १०, १५ वर्षांपर्यंत ६ आणि १२. आपल्याकडचं पोरगं सकाळी शाळेत, संध्याकाळी अकादमीत आणि रविवारी गावच्या टेनिस बॉल स्पर्धेत टाकतं. तिन्हीकडचे सर आपापल्या जागी बरोबर असतात आणि बेरीज चुकीची होते. म्हणून मुलाच्याच वहीत रोजचे चेंडू लिहायला लावा. दर सोमवारी वही बघा. टायसनसारख्या धिप्पाड माणसाचंही शरीर त्या वेगाला फार वर्षं पुरलं नाही, हे पोरांना जरूर सांगा.

मैदान. इथे सांगली आणि सातारा वेगळे पडतात. सांगली-मिरजेच्या पट्ट्यात काळी माती. उन्हाळ्यात बोटभर भेगा, पावसाळ्यात चिखल. टर्फ विकेट, म्हणजे मातीची खेळपट्टी, करायला हीच माती लागते हे खरं, पण टर्फला रोजचं पाणी, रोलर आणि माणूस लागतो. शाळेच्या शिपायाकडून ते होत नाही. त्यामुळे शाळेसाठी मॅटिंगच. काळ्या मातीवर नुसता मुरूम ओतून रोलर फिरवला तर पहिल्याच पावसात तो खाली बसतो आणि खेळपट्टीची पन्हळ होते. साधारण नऊ इंच खोदायचं, खाली दगडाचं सोलिंग, त्यावर चाळलेला मुरूम दोन थरांत, प्रत्येक थरावर पाणी मारून एक दिवस सोडून रोलर. ओल्यावर लगेच रोलर फिरवला की मुरूम रोलरला चिकटून उचलला जातो. पट्टी आजूबाजूच्या जमिनीपेक्षा दोन-तीन इंच उंच ठेवा, म्हणजे पाणी साचत नाही. साताऱ्याकडे मुरमाड जमीन असल्याने सोलिंगचं काम बरंच वाचतं, पण बारीक खडे वर येत राहतात. त्यामुळे मॅट खालून झिजते. दर आठवड्याला झाडून खडे वेचावे लागतात.

मॅट ६६ फूट बाय ८ फूट. काथ्याची मॅट उसळी आणि फिरकी देते, जास्त टिकते. ज्यूटची स्वस्त, पण बॉल खाली राहतो. मॅट अंथरताना आधी एक टोक ठोकायचं, मग चौघांनी दुसऱ्या टोकाने ताणून धरायचं आणि तेव्हाच बाजूचे खिळे ठोकायचे, अडीच-तीन फुटांवर एक. एकेका बाजूने ठोकत गेलं की मध्ये फुगा राहतो. त्या फुग्यावर बॉल पडला की एकदा घरंगळतो, एकदा छातीवर येतो, आणि पोरं बॅकफूटवर जायला घाबरतात. खिळ्याचं डोकं मॅटच्या वर राहता कामा नये. पाय मुरगळण्याचं ते एक नंबरचं कारण आहे. मॅटवर स्पाइक्सचे बूट बंद.

ओली मॅट गुंडाळून ठेवली की आठवड्याभरात वास येतो आणि महिन्याभरात ती कुजते. ताटीवर किंवा कठड्यावर दोन दिवस वाळवून मगच गुंडाळी. सांगलीत त्याहून महत्त्वाचं म्हणजे जुलैच्या आत मॅट, रोलरचा दांडा, नेट, पेट्या सगळं वरच्या मजल्यावर गेलं पाहिजे. ऑगस्ट २०१९ मध्ये आयर्विन पुलाजवळ कृष्णेचं पाणी ५७ फुटांवर गेलं होतं. तळमजल्यावरची क्रीडाखोली तेव्हा कुठे असते हे नदीकाठच्या शाळांना सांगायला नको. पूर ओसरल्यावर मैदानावर गाळाचा थर राहतो. तो ओला असताना ओढून काढायचा. वाळला की त्याची पापडी होते, आणि खालचा मुरूम घेऊनच निघते.

वर्गातल्या कामाची यादी लांबवत नाही. परिपाठ, ऑफ तास, १५ ऑगस्ट आणि २६ जानेवारीची कवायत, परीक्षेचं पर्यवेक्षण, दहावी-बारावीच्या वाढीव क्रीडागुणांचे प्रस्ताव, तालुका-जिल्हा स्पर्धांच्या प्रवेशिका. माजी खेळाडू प्रवेशिकांत मार खातात. जन्मतारीख जनरल रजिस्टरच्या उताऱ्यावरून घ्या, पालकांच्या तोंडून नको. एका मुलाची तारीख चुकली तर आक्षेप येतो आणि अख्खा संघ बाद होतो. आणि क्रीडाशिक्षक म्हणजे फक्त क्रिकेट नव्हे, हे पहिल्या दिवशीच मान्य करावं लागतं. खो-खो, कबड्डी, लंगडी या खेळांना तासाची निम्मी वाटणी द्यायलाच हवी. खो-खोतल्या पोरांचे पाय क्रिकेटमधल्या पोरांपेक्षा चपळ असतात. क्रिकेटच्या सरांनी ते पाहून शिकावं.

मुलींचा गट वेगळा काढा, पण उरलेला वेळ आणि फाटकी बॅट त्यांना देऊ नका. स्मृती मानधना माधवनगरला वाढली आणि १९ वर्षांखालच्या महाराष्ट्र संघातून तिने २०१३ मध्ये नाबाद २२४ केल्या. सांगलीतल्या घरांमध्ये हे नाव माहीत नाही असं होत नाही, आणि २०२५ च्या विश्वविजयानंतर चौकशा आणखी वाढल्या. मुली येणं थांबतं ते खेळामुळे नव्हे. कपडे बदलायला खोली नसते, सराव अंधार पडल्यावर संपतो आणि एसटी निघून गेलेली असते. सराव एसटीच्या वेळेवरून ठरवा. एवढ्याने निम्म्या मुली टिकतात.

विजय हजारे १९१५ साली सांगलीत जन्मले ते एका शाळाशिक्षकाच्या घरी. पुढे प्रथम श्रेणीत १८,७४० धावा, ६० शतकं, आणि १९५२ मध्ये मद्रासला भारताने पहिली कसोटी जिंकली तेव्हा तेच कर्णधार. जिल्ह्यातल्या प्रत्येक क्रीडाशिक्षकाच्या डोळ्यांसमोर हे नाव असतं, आणि त्यामुळेच एक चूक होते: पुढचा हजारे शोधण्याच्या नादात सरांचं सगळं वर्ष तीन मुलांवर जातं. ६० च्या वर्गात जिल्ह्याच्या संघापर्यंत जाणारा एखादा, तोही दर वर्षी नाही.

संघ निवडायचा दिवस म्हणूनच नीट आखावा लागतो. ४० पोरं चाचणीला येतात, १५ निवडायची. यादी थेट फळ्यावर लावू नका. ज्याचं नाव येणार नाही, विशेषतः गेल्या वर्षी संघात असलेला आणि यंदा नसलेला, त्याला आधी बाजूला घेऊन सांगा: नाव नाही, कारण हे, आणि पुढच्या चाचणीपर्यंत या दोन गोष्टी कर. यादीत नाव नसणं काय असतं हे माजी खेळाडूइतकं शाळेत दुसऱ्या कोणाला ठाऊक नसतं. मग उरलेल्या २५ मधून दोघांना स्कोअरबुक द्या. एक बॉलिंगच्या बाजूचा हिशोब ठेवेल, दुसरा बॅटिंगचा, आणि प्रत्येक षटकानंतर दोघं बेरीज पडताळतील. दोघांना पंचांच्या खुणा शिकवून स्क्वेअर लेगला उभं करा. सुरुवातीला वाइड आणि बाय यांची गल्लत होते, पाचव्या-सहाव्या सामन्यापर्यंत जाते. स्कोअरबुक पेनने नको, पेन्सिलने, आणि खोडरबर सरांच्या खिशात.